मुळ्याच्या तारा

आई मिरजेला गेली ती दोन आठवड्यांसाठी. आप्पा, म्हणजे तिचे वडील, न्हाणीघरात पाय घसरून पडले होते आणि त्यांच्या खुब्याचं हाड मोडलं होतं. ऑपरेशन होईल, आप्पा वॉकर धरून चार पावलं टाकायला लागतील, की मी परत, असा तिचा बेत होता. जाताना तिनं फ्रीजच्या दारावर एक कागद चिकटवला. साखर कुठं, गूळ कुठं, तांदळाचे दोन डबे कुठले, आणि सगळ्यात खाली, ‘कुकरला तीन शिट्ट्या. चौथी झाली तरी घाबरू नका.’ बाबा आणि मी तिला स्टेशनवर सोडायला गेलो तेव्हा मी कानात इअरफोन घालून उभी होते. गाडीत चढताना ती काहीतरी म्हणाली, ते मला ऐकू आलं नाही. मी नुसता हात हलवला.

ती गेल्यावर दहाव्या दिवशी साथीमुळे विमानं बंद झाली. माझी शाळा त्याच्या आधीच बंद झाली होती आणि बाबांचं ऑफिसही. बाबा आइंडहोव्हन या डच शहरातल्या एका कंपनीत चिप बनवणाऱ्या यंत्रांवर काम करत. त्यांनी आपलं टेबल माळ्यावरच्या खोलीत नेलं आणि दिवसभर तिथून त्यांचं मीटिंगमधलं इंग्रजी खाली ऐकू येऊ लागलं. न्यूनेन तसं एरवीही शांत गाव, पण त्या मार्चमध्ये रस्त्यावरून एखादी सायकल गेली तरी मी खिडकीशी जाऊन बघायची. सगळ्यात जास्त शांतता आमच्या स्वयंपाकघरात होती. आई भाजी चिरायची ती खाली फरशीवर बसून, वर्तमानपत्र पसरून, मोडत्या विळीवर. रोज सकाळी मी जिन्यात बसून बुटांच्या नाड्या बांधत असताना आतून पात्यावर कोबी फिरल्याचा करकर आवाज यायचा. तिच्या पचडीतला कोबी इतका बारीक असायचा की लिंबू पिळल्याबरोबर तो मऊ पडायचा, आणि वर फोडणी आणि दाण्याचं कूट. मी ती पचडी डब्यात न्यायला लाजायची. वर्गातल्या मुली वास कसला म्हणून विचारायच्या. आई मराठीत बोलायची, मी इंग्रजीत उत्तर द्यायची, आणि आम्हां दोघींनाही त्यात काही वावगं वाटत नसे. ही मराठी, जी मी आत्ता लिहितेय, ती मला तेव्हा येत नव्हती.

बाबांनी तीन दिवस खिचडी केली. चौथ्या दिवशी आम्ही ब्रेडवर लोणी आणि चॉकलेटचे दाणे घालून खाल्ले आणि एकमेकांकडे न बघता ताटल्या धुतल्या. मग मी ठरवलं की पचडी करायची. बाबा म्हणाले, किसणीवर कीस, सोपं पडेल. किसलेल्या कोबीला पाणी सुटलं आणि तो चिकट लगदा झाला. मग मी सिंकखालच्या कपाटातून विळी काढली. ती उघडायला लागते एवढं कळत होतं, पण तिच्यावर बसायचं कसं, हात कुठे आणि पाय कुठे, ते मी सतरा वर्षांत एकदाही नीट पाहिलं नव्हतं. दुसऱ्याच कापाला डाव्या हाताची तर्जनी गेली. रक्त थांबेना, बाबा वर मीटिंगमध्ये, म्हणून मी बोटाला फडकं गुंडाळून मागच्या बागेत जाऊन उभी राहिले आणि चक्क रडायला लागले. रडायचं कारण बोट नव्हतं.

“कशानं कापलं?” कुंपणापलीकडून कुणीतरी डचमध्ये विचारलं.

आमच्या आणि शेजारच्या बागेमध्ये छातीइतकं उंच झुडपांचं कुंपण होतं. पलीकडे केन्जी मोरिता राहत. सत्तरी ओलांडलेले, शिडशिडीत, कायम इस्त्रीचा शर्ट आणि वर जुनाट स्वेटर. त्यांना इथे येऊन चार वर्षं झाली होती आणि चार वर्षांत आम्ही ‘गुड मॉर्निंग’च्या पलीकडे गेलो नव्हतो. ते जपानी आहेत एवढं माहीत होतं. त्यांची बायको रिया इथलीच, न्यूनेनमध्ये जन्मलेली. तिला विस्मरणाचा आजार होता आणि वर्षभरापूर्वी तिला गावाच्या टोकाला असलेल्या केअर होममध्ये ठेवलं होतं, हे बाबांनी कधीतरी सांगितलं होतं.

मी विळी आणून लांबूनच त्यांना दाखवली. ते कुंपणावरून वाकून बराच वेळ बघत राहिले. “म्हणजे सुरी बसून राहते,” ते म्हणाले, “आणि भाजी चालत येते?” मग त्यांनी विचारलं की हिच्यावर काय करत होतीस. मी सांगितलं. “कोबी,” ते म्हणाले आणि घरात निघून गेले. मला वाटलं संपलं. पंधरा मिनिटांनी ते एक काचेचं भांडं घेऊन आले, ते कुंपणाच्या कडेच्या भिंतीवर ठेवलं, दीड मीटर मागे सरकले आणि हातानं ‘घे’ अशी खूण केली. आत कोबी होता. मी तसा कोबी पूर्वी पाहिला नव्हता आणि नंतरही फार थोड्यांच्या हातचा पाहिला. पांढऱ्या-पोपटी केसांचा पुंजका, प्रत्येक तार दुसरीइतकीच बारीक, गार पाण्यात ठेवल्यामुळे फुलून आलेला. मी त्यावर लिंबू पिळलं, मीठ घातलं, बाबांनी फोडणी जाळली तरी ती घातली, आणि आम्ही दोघांनी उभ्याउभ्याच तो संपवला. बाबा म्हणाले, “तुझ्या आईलाही इतका बारीक जमत नाही, पण तिला सांगू नकोस.” आणि मग ते पटकन माळ्यावर गेले.

दुसऱ्या दिवशी मी भांडं परत द्यायला गेले आणि म्हणाले, मला शिकवाल का. मोरिता नाही म्हणाले. त्यांना शिकवता येत नाही, ते म्हणाले, शिवाय लोकांना वाटतं जपानी म्हणजे सुशी बनवणारा, आणि आपण आयुष्यात सुशी बनवलेली नाही. डच राजधानीतल्या बुइटनव्हेल्डर्ट भागात त्यांच्या देशातल्या लोकांची वस्ती होती, तिथल्या एका हॉटेलात त्यांनी एकतीस वर्षं फक्त भाजी कापली. मुख्य आचारी चार वेळा बदलले. हे भाजीच्या ओट्यावरच राहिले. हे त्यांनी तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही, पण अभिमानानंही नाही. तिसऱ्या दिवशी मात्र सकाळी भिंतीवर वर्तमानपत्रात गुंडाळलेली एक सुरी होती. आयताकृती पात्याची, लहानशा कोयत्यासारखी दिसणारी. तिला नाकिरी म्हणतात, ती फक्त भाजीसाठी. पलीकडे मोरितांनी बागेतलं टेबल कुंपणाला लावून ठेवलं होतं आणि कुंपणाचा वरचा हातभर भाग कात्रीनं छाटून टाकला होता, म्हणजे मला त्यांचे हात दिसावेत.

ते खरंच वाईट शिक्षक होते. “नाही, नाही, नाही,” एवढंच बहुतेक वेळा बोलायचे, आणि चिडले की अस्सल ब्राबांटी, म्हणजे आमच्या भागातल्या बोलीतल्या, शिव्या द्यायचे. पहिले चार दिवस त्यांनी मला कापू दिलंच नाही, नुसतं उभं राहायला शिकवलं. टेबलाकडे तोंड करून सरळ उभं राहायचं नाही. उजवा पाय मागे, अंग तिरकं, म्हणजे कोपराला मोकळी जागा मिळते. फळीखाली ओलं फडकं, म्हणजे ती सरकत नाही. डाव्या हाताची बोटं आत मुडपायची आणि पातं मधल्या बोटाच्या पेराला टेकवून चालवायचं. बोटच पात्याला वाट दाखवतं, कापायला ते सापडतच नाही. दाबायचं नाही, पुढे ढकलायचं. कोबीची पानं एकेक सुटी करायची, जाड शिरा काढून टाकायच्या, चार पानं एकावर एक ठेवून वळकटी करायची आणि मग काप. त्याला सेनगिरी म्हणतात, म्हणजे हजार काप. तारा पानाच्या रेषेबरोबर कापल्या तर कुरकुरीत लागतात, रेषेला आडव्या कापल्या तर मऊ. हा एवढा फरक. मी आयुष्यभर लोकांना स्वयंपाकाविषयी खूप काही सांगितलं, पण याहून उपयोगाचं काही माझ्याकडे नाही.

माझं नाव गार्गी. डच लोक ‘ग’चा ‘ख’ करतात, त्यामुळे शाळेत मी खार्खी होते. मोरिता गारुगी-सान म्हणायचे, सान म्हणजे जपानीतलं ‘जी’. कधी त्यांच्या शेडमधून सिगरेटचा वास यायचा आणि विचारलं तर ते म्हणायचे, रियाला सांगू नकोस. रियाला सांगणं तर कुणालाच शक्य नव्हतं. केअर होमची दारं मार्चमध्येच बंद झाली होती. मोरिता रोज सकाळी अकराला सायकलवरून तिथे जायचे, दाराशी एक डबा ठेवायचे आणि मग गवतावर जाऊन तळमजल्यावरच्या तिच्या खिडकीसमोर उभे राहायचे. डब्यात सूप असे. पांढरा लांब मुळा सुरीखाली फिरवत फिरवत त्याची कागदासारखी सलग पट्टी काढायची, पट्टीची घडी घालून तिच्या तारा कापायच्या, आणि त्या पातळ रश्शात मऊ होईपर्यंत शिजवायच्या. शेवयांसारख्या दिसत. दोघांची ओळख झाली तेव्हा रिया हॉटेलात फुलं पोहोचवायला यायची, आणि एकदा पावसात भिजून आली म्हणून यांनी तिला ते सूप दिलं होतं. आता ती नवऱ्याचं नाव कधी सांगू शकायची, कधी नाही. दुसरं काही फारसं खायची नाही. ते सूप मात्र खायची.

मिरजेहून आईचा फोन दुपारी यायचा, तिथे तेव्हा संध्याकाळ असे. मागे कुकरच्या शिट्ट्या, कुणाच्या तरी हाका, आप्पांच्या वॉकरचं टकटक. आप्पांना इंग्रजी समजत असूनही माझे उच्चार फोनवर कळत नसत, म्हणून मी त्यांच्याशी मोडकंतोडकं मराठी बोलायला लागले आणि मग हळूहळू आईशीही. “काय जेवलीस?” हा तिचा पहिला प्रश्न. मी “भात” म्हणायची. मोरितांविषयी मी तिला काही सांगितलं नाही. बाबा एकदा म्हणाले की गार्गी शेजारच्या आजोबांशी गप्पा मारते, तेवढंच. आज विचार केला तर वाटतं, ती आल्यावर एकदम ताटात वाढायचं, तिचं तोंड बघायचं, असं माझ्या मनात होतं. त्यात थोडा रागही असेल. मी काहीतरी जपून ठेवत होते, आणि ते ती आल्याशिवाय उघडायचं नव्हतं.

जूनमध्ये एका सकाळी पाऊस पडून गेला होता आणि मोरितांची सायकल वळणावर घसरली. उजवं मनगट मोडलं. हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये. पहिल्या दिवशी ते डबा न घेताच चालत खिडकीशी जाऊन आले. दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी केअर होममधून मारलूसचा फोन आला. मारलूस ही रियाची काळजी घेणारी बाई, मोठ्या आवाजाची आणि फार प्रेमळ. रिया दोन दिवस जवळजवळ जेवली नव्हती, चमचा जवळ नेला की तोंड फिरवत होती. मोरिता कुंपणाशी आले तेव्हा त्यांच्या शर्टाला इस्त्री नव्हती.

“गारुगी-सान,” ते म्हणाले, “मुळा जमेल का तुला?”

मुळा मी फक्त पाहिला होता, कापला नव्हता. ती सलग पट्टी काढायला त्यांना स्वतःला तीन वर्षं लागली होती. ते म्हणाले, पट्टी नको, आधी पातळ चकत्या काप, मग चकत्या एकीवर एक सरकवून त्यांच्या तारा. मी तासभर कापत होते. ते पलीकडे खुर्चीवर बसून होते, बघत नव्हते, मान खाली घालून ऐकत होते. “हा जाड गेला,” असं मधूनच म्हणायचे, आणि तो जाडच असायचा. सूप त्यांनी डाव्या हातानं ढवळलं. ते अजून सायकलवर बसू शकत नव्हते आणि चालत जाईपर्यंत सूप निवलं असतं, म्हणून डबा घेऊन मी गेले.

मारलूसनं खिडकी वरून थोडी कलती केली, म्हणजे आतलं ऐकू यावं. रियाला मी तेव्हा प्रथमच नीट पाहिलं. गुलाबी गालांची, पांढऱ्या केसांची, मांडीवर हात ठेवून बसलेली बाई. तिनं सूप तोंडात घेतलं, बराच वेळ घोळवलं, गिळलं. आणखी दोन चमचे घेतले. मग चमचा बाजूला सारला आणि अगदी स्पष्ट आवाजात म्हणाली, “हे केन्जीनं नाही कापलं. ज्यानं कापलंय त्याला घाई आहे.”

त्या महिन्यात रियानं उच्चारलेलं ते सगळ्यात लांब वाक्य होतं, असं मारलूस नंतर म्हणाली. मी परत येऊन मोरितांना जसंच्या तसं सांगितलं. ते आधी हसले, मग त्यांना खोकला आला, मग डाव्या बाहीनं त्यांनी डोळे पुसले. “बरोबर आहे तिचं,” ते म्हणाले. “तुला घाई असते. तुझं अर्धं लक्ष फोनकडे.” ते खरं होतं. मी रोज आईच्या फोनच्या वेळेआधी सगळं उरकायला बघायची. पुढचे दोन आठवडे मी रोज दोन मुळे कापले. रिया चार चमचे घ्यायची, पाच घ्यायची, आणि पुरे म्हणायची. मारलूस दर सोमवारी तिचं वजन करायची आणि काटा बघून खिडकीतून मला मानेनंच नाही म्हणायची.

त्याच सुमारास विमानं पुन्हा सुरू झाली. खास विमानं, यादीत नाव घालावं लागे, पण इथला राहण्याचा परवाना असलेल्यांना येता येत होतं. बाबांनी दोनदा आईला तारखा कळवल्या. पहिल्यांदा आप्पांना ताप होता. दुसऱ्यांदा आई म्हणाली, बघू. तिच्या ‘बघू’चा अर्थ मला लहानपणापासून माहीत होता. सायकल हवी म्हटलं की बघू, कुत्रं हवं म्हटलं की बघू. मी बाबांच्या हातातून फोन घेतला आणि जिन्यात जाऊन बसले.

“तुला यायचंच नाहीये,” मी म्हणाले. हे मी इंग्रजीत म्हणाले, रागावले की मला मराठी सुचत नसे. “तुला तिथे आवडतं.”

पलीकडे आप्पांचा वॉकर टकटकत लांब गेला. मला वाटलं ती रागवेल, किंवा रडेल, किंवा म्हणेल की असं काय बोलतेस बाळा. ती म्हणाली, “हो. आवडतं गं.”

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

“खोटं कशाला सांगू तुला,” ती म्हणाली. “इथे सकाळपासून चार जणी मला हाक मारतात. वैशू दूध घेतलंस का, वैशू वर ये गं, वैशू तुझ्या हातचं लोणचं दे. तिथे अकरा वर्षं झाली, नावानं कुणी हाक मारलेली मला आठवत नाही. बाबा तर वैशालीसुद्धा म्हणत नाही, ‘अगं’ म्हणतो. तुझी आठवण येते. रोज येते. जेवताना तर फार येते. पण मी तिथे परत आले की कुठल्या खोलीत बसू, असं वाटतं मला.”

“माझ्या खोलीत बस,” मी म्हणाले. हे मराठीत म्हणाले.

“तू दार लावून बसतेस बाळा,” ती म्हणाली.

आता तिच्या तेव्हाच्या वयाहून मी बरीच मोठी झाले आहे, तरी ते वाक्य कानात आहे. मी फोन ठेवला आणि जिन्यातच बसून राहिले. वर बाबांची मीटिंग चालू होती, कुणीतरी हसलं. आमच्या घरात एक बाई अकरा वर्षं करमत नसताना राहिली आणि मी त्याच जिन्यात बसून रोज नाड्या बांधत होते, हे तेव्हा मला कळलं. तिचं माझ्यावर प्रेम कमी आहे असं मला क्षणभरही वाटलं नाही. तसं वाटलं असतं तर बरं झालं असतं, रागावता तरी आलं असतं.

दुसऱ्या दिवशी मी मुळा कापायला उभी राहिले तेव्हा मला पुढे कुठेच जायचं नव्हतं. फोन मी घरात ठेवला होता. तो यावा असंही वाटत नव्हतं आणि न यावा असंही नाही. मी चकती कापली, मग पुढची कापली. मुळ्यातून पलीकडचं बोट दिसेल इतक्या पातळ चकत्या निघत होत्या, आणि मला त्याचा आनंदही होत नव्हता. मोरिता खुर्चीवर होते. त्या दिवशी ते एकदाही ‘जाड गेला’ म्हणाले नाहीत. तारा पाण्यात सोडल्या तेव्हा त्या तळाशी बसल्या नाहीत, तरंगत राहिल्या. त्यांनी वाकून भांड्यात पाहिलं आणि आत जाऊन गॅस पेटवला.

केअर होममध्ये मारलूसनं पहिला चमचा दिला. रियानं तोंडात घोळवलं, गिळलं, आणि तोंड उघडलं. वाटी रिकामी होईपर्यंत ती थांबली नाही. मग तिनं खिडकीकडे पाहिलं, माझ्या डोक्यावरून, पार मागच्या झाडांकडे, आणि म्हणाली, “केन्जी आलाय वाटतं.” तिचा चेहरा असा झाला होता की मारलूसला तोंड फिरवावं लागलं. मी सायकल इतकी जोरात मारत आले की घरी पोहोचले तेव्हा मला धाप लागली होती. मोरितांना सांगताना मी अक्षरशः उड्या मारत होते. सगळं प्यायली, तिला वाटलं तुम्हीच, ती म्हणाली केन्जी आलाय!

मोरितांनी मान लववून आभार मानले. मग खुर्ची उचलून शेडमध्ये ठेवली आणि घरात गेले.

दोन दिवस ते बाहेर आले नाहीत. सूप करून मीच घेऊन जात होते, रश्शाचं भांडं ते सकाळी भिंतीवर ठेवून द्यायचे. मला कळेना माझं काय चुकलं. बाबांना विचारलं तर बाबा म्हणाले, म्हातारी माणसं अशीच असतात. तिसऱ्या दिवशी ते कुंपणाशी आले, प्लास्टरचा हात दुसऱ्या हातात धरून.

“एकतीस वर्षं मी कापलं,” ते म्हणाले. “मला वाटायचं, तिला बाकी सगळं विसरायला झालं तरी माझा हात आठवतो. तेवढं माझं एकट्याचं आहे. आणि तू चार महिन्यांत... ती जेवते, हे चांगलं आहे. फार चांगलं आहे. पण मला राग आलाय. तुझ्यावर. सांगून टाकतो, म्हणजे जाईल.”

“मी मुद्दाम जाड कापू का?” मी विचारलं. मी खरंच विचारलं, चेष्टा म्हणून नाही.

ते मोठ्यानं हसले. त्यांना इतकं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. “मूर्ख पोरगी,” ते म्हणाले. “मुळा आण.”

त्यांच्या मनगटाचं प्लास्टर निघालं, पण बोटांतली ती सफाई परत आली नाही. मग केअर होमनं एका माणसाला आत भेटायची परवानगी दिली आणि ते रोज तासभर रियाजवळ बसू लागले, मी कापलेलं सूप तिला भरवत. तिला वाटायचं ते त्यांनीच कापलंय. त्यांनी तिला कधी खरं सांगितलं नाही आणि मलाही त्याची कधी गरज वाटली नाही. पुढच्या फेब्रुवारीत, खूप बर्फ पडलं होतं त्या आठवड्यात, रिया झोपेतच गेली. त्यानंतर मोरिता मुळा आणायचे नाहीत. मला मात्र त्यांनी कापायला लावलं, कोबी, गाजर, काहीही, शाळेची परीक्षा संपेपर्यंत. उन्हाळ्यात ते घर विकून त्यांच्या बहिणीकडे गेले, जपानमधल्या समुद्राकाठच्या एका गावी. नाकिरी मला देऊन गेले. त्यांची पत्रं चार वर्षं येत होती, डचमध्ये, मोठ्या अक्षरांत, आणि प्रत्येक पत्रात पहिल्या ओळीत हवामान असे.

आई परत आली ती दीड वर्षानं. तिसऱ्यांदा तारीख ठरली तेव्हा भारतातच पुन्हा साथ उसळली, मग आप्पा गेले, मग मागचं सगळं निस्तरायचं होतं. तोपर्यंत मी ग्रोनिंगनला विद्यापीठात गेले होते, न्यूनेनमधल्या माझ्या खोलीचं दार उघडंच होतं आणि आत बाबांचा कपडे वाळवायचा स्टँड होता. म्हणजे एका घरात राहणाऱ्या आई आणि मुलगी असं आमचं जे काही होतं, ते मी स्टेशनवर हात हलवला त्या दिवशी संपलं, आणि आम्हां दोघींनाही ते तेव्हा कळलं नाही. नंतर आम्ही खूप भेटलो, एकत्र प्रवास केले, भांडलो, तिच्या शेवटच्या दुखण्यात मी तिच्याजवळ होते. पण ते वेगळं.

ऑक्टोबरमध्ये ती एकटी ट्रेननं ग्रोनिंगनला आली. सहा विद्यार्थ्यांमध्ये एक असं आमचं स्वयंपाकघर होतं, टेबलावर कुणाची तरी वह्या-पुस्तकं, खिडकीत सुकलेली कोथिंबीर. ती कोट घालूनच खुर्चीवर बसली, पर्स मांडीवर. ती बारीक झाली होती आणि तिनं केस रंगवणं सोडलं होतं.

“आई, कोट काढ ना.”

“काढते गं. पाणी कुठलं प्यायचं इथे?”

“नळाचं. तू न्यूनेनमध्ये प्यायचीस तेच.”

“हो, नाही का,” ती म्हणाली.

मी कोबी काढला, पानं सुटी केली, फळीखाली ओलं फडकं घातलं आणि तिरकी उभी राहिले. ती खुर्चीवरून बघत होती. तिला वाढायचं, तिचं तोंड बघायचं, असं मी दीड वर्ष ठरवलं होतं, आणि आता माझी मान वर होईना. कोबी संपला तेव्हा तिनं जवळ येऊन चिमूटभर तारा उचलल्या आणि उजेडात धरल्या.

“कुणी शिकवलं?”

मी सांगायला लागले. मोरिता, कुंपण, खुर्ची, रिया, मारलूस. मराठीत सांगत होते, त्यामुळे वेळ लागत होता. कुंपणाला काय म्हणतात तेही मी तिलाच विचारलं. मी फोन ठेवला त्याच्या दुसऱ्या दिवसाशी आले तेव्हा थोडी थांबले आणि तेही सांगितलं. फोडणीचं तेल तापून निवलं, पुन्हा तापवावं लागलं.

“मला यातलं काहीच माहीत नाही,” ती शेवटी म्हणाली.

“नाही,” मी म्हणाले.

तिनं कोट काढला, खुर्चीच्या पाठीला लावला, बाह्या वर केल्या. मग ओट्यापाशी माझ्या शेजारी येऊन उभी राहिली आणि हात कुठे ठेवावा हे न कळल्यासारखी इकडेतिकडे बघत तिनं विचारलं, “चमचे कुठे असतात तुझ्याकडे?”

“डावीकडच्या ड्रॉवरमध्ये.”

तिनं उजवीकडचा उघडला, त्यात कुणाच्या तरी चार्जरच्या वायरी होत्या, तो बंद केला. मग त्याच्या खालचा उघडला. मी सांगितलं नाही. सुरी पुसून बाजूला ठेवली आणि तिला सापडेपर्यंत तिच्या शेजारी उभी राहिले.